खेळातल्या जगाला आवाज कोठून येतो?

नभोवाणीवरील श्रुतिकेत घोडा दौडत येतो, तेव्हा स्टुडिओत घोडा नसतो. नारळाच्या दोन करवंट्या फळीवर ठरावीक लयीत आपटल्या की टापांचा आवाज होतो. पत्र्याची मोठी चादर हलवली की ढग गडगडतात. बोलपटांचा काळ सुरू झाल्यावर हॉलिवूडमधील युनिव्हर्सल स्टुडिओत जॅक फोली या तंत्रज्ञाने पडद्यावरील चित्र पाहत पाहत पावलांचे, कपड्यांच्या सळसळीचे आवाज काढून ते मुद्रित करण्याची पद्धत रुजवली. आजही या कामाला त्याच्याच नावावरून ‘फोली’ म्हणतात.

या सर्व प्रकारांत एक मोठी सोय असते. कोणता आवाज केव्हा हवा हे आधीच ठरलेले असते. चित्रपटात त्रेचाळिसाव्या मिनिटाला दार आपटायचे असेल, तर ते दर वेळी त्याच क्षणी आपटते. प्रेक्षक खुर्चीत बसलेला असतो. तो उठून पडद्यावरच्या दाराजवळ जाऊ शकत नाही, किंवा दाराकडे पाठही फिरवू शकत नाही.

व्हिडिओ गेममध्ये ही सोय हळूहळू नाहीशी झाली. १९७२ साली अटारी कंपनीसाठी अ‍ॅलन अल्कॉर्न यांनी ‘पाँग’ हा खेळ तयार केला. पडद्यावरचा चेंडू फळीला लागला की त्यातून छोटासा आवाज येई. चित्र पडद्यावर नीट उमटावे म्हणून यंत्रात जी विद्युत्स्पंदने आधीच तयार होत होती, त्यांतूनच सोयीची वारंवारता निवडून अल्कॉर्न यांनी ती ध्वनिवर्धकाकडे वळवली होती. १९७८ साली जपानमध्ये तोमोहिरो निशिकादो यांच्या ‘स्पेस इन्व्हेडर्स’ या खेळात चार खर्ज स्वर पुन्हा पुन्हा वाजत आणि शत्रूंची चाल वाढेल तशी त्यांची लयही वाढत जाई. आवाज आता खेळाडूच्या कृतीवर अवलंबून राहू लागला होता.

यापुढची पायरी म्हणजे ‘ओपन वर्ल्ड’ प्रकारचे खेळ. यात खेळाडूपुढे डोंगर, नद्या, गुहा, गावे असलेले एक संपूर्ण जग असते आणि त्यात तो हवा तेव्हा हवा तिकडे जाऊ शकतो. त्रेचाळिसाव्या मिनिटाला एक खेळाडू धबधब्याखाली उभा असेल, तर दुसरा गुहेत लपला असेल. अशा वेळी आवाजाची योजना करणाऱ्याने मुद्रित करून ठेवायचे तरी काय?

एक हिशेब

या प्रश्नाचे सर्वांत टोकाचे रूप ‘नो मॅन्स स्काय’ या खेळात दिसते. इंग्लंडमधील गिल्डफर्ड येथील हॅलो गेम्स या छोट्या संस्थेने तो ऑगस्ट २०१६ मध्ये प्रसिद्ध केला. या खेळातील विश्वात २ चा ६४ वा घात इतके ग्रह आहेत. ही संख्या १,८४,४६,७४,४०,७३,७०,९५,५१,६१६ अशी, म्हणजे २० अंकी आहे. हे ग्रह कोणी एकेक करून रेखाटलेले नाहीत. गणिती सूत्रांत वेगवेगळ्या संख्या घातल्या की त्यांतून ग्रहाची जमीन, वनस्पती आणि प्राणी तयार होतात.

समजा, प्रत्येक ग्रहासाठी फक्त एक सेकंदाचा आवाज मुद्रित केला. तो सारा ऐकायला किती वेळ लागेल? एका वर्षात सुमारे ३ कोटी १५ लाख सेकंद असतात. भागाकार करून पाहा. उत्तर सुमारे ५८,००० कोटी वर्षे येते. आपल्या विश्वाचे वय सुमारे १,३८० कोटी वर्षे मानले जाते. म्हणजे हे ध्वनिमुद्रण ऐकायला विश्वाच्या वयाच्या चाळीस पटींहून अधिक काळ हवा!

तेव्हा प्रत्येक आवाज साठवणे अशक्य. साठवता येतात ते आवाजाचे नियम. आवाज कसा निर्माण होतो आणि तो कानापर्यंत कसा पोहोचतो, हे संगणकाला सूत्ररूपाने सांगून ठेवले की आयत्या वेळी हवा तो आवाज तोच तयार करू शकतो. ही सूत्रे तुमच्या ‘ध्वनी’ या धड्यापासून फारशी दूर नाहीत. आपण ती क्रमाने पाहू या.

प्राण्याचा गळा

प्रथम आवाजाचा उगम पाहू. आपण बोलतो तेव्हा स्वरयंत्रातील स्वरतंतू कंप पावतात. पण नुसत्या त्या कंपाचा आवाज एखाद्या भुणभुणीसारखा असतो. त्याला रूप येते ते घशापासून ओठांपर्यंतच्या नळीमुळे. या नळीला आपण स्वरमार्ग म्हणू. ही नळी एका टोकाला, म्हणजे स्वरतंतूंपाशी, जवळजवळ बंद असते आणि ओठांपाशी उघडी असते. अशा नळीत ज्या ध्वनीच्या तरंगलांबीचा चौथा हिस्सा नळीच्या लांबीइतका असतो, त्याला अनुनाद मिळून तो जोराने ऐकू येतो. त्याच्या तिप्पट, पाचपट वारंवारतांनाही असाच अनुनाद मिळतो.

प्रौढ पुरुषाचा स्वरमार्ग सुमारे १७ सें.मी. लांब असतो. ध्वनीचा वेग सेकंदाला ३४० मी. धरला, तर पहिल्या अनुनादाची वारंवारता ३४० ÷ (४ × ०.१७) म्हणजे ५०० हर्ट्झ येते. पुढचे अनुनाद १,५०० आणि २,५०० हर्ट्झला येतात. जीभ आणि ओठ हलवून आपण नळीचा आकार बदलतो, त्यामुळे हे अनुनाद मागेपुढे सरकतात आणि ‘आ’चा ‘ई’ किंवा ‘ऊ’ होतो.

आता १ मी. लांबीचा स्वरमार्ग असलेला एखादा अवाढव्य प्राणी डोळ्यांसमोर आणा. त्याचा पहिला अनुनाद ८५ हर्ट्झला येईल. त्याचा आवाज घुमणारा, खोल असेल. ३.४ सें.मी. नळीच्या चिमुकल्या प्राण्याचा पहिला अनुनाद २,५०० हर्ट्झला येईल आणि तो चिवचिवल्यासारखा वाटेल. प्राणी दिसत नसतानाही तो मोठा की लहान हे आवाजावरून आपण ओळखतो, त्यामागे हे गणित असते.

‘नो मॅन्स स्काय’चे ध्वनिदिग्दर्शक पॉल वेअर यांनी हाच मार्ग धरला. त्यांचे सहकारी सँडी व्हाइट यांनी ‘व्होकएलियन’ नावाची संगणक-आज्ञावली लिहिली. तिच्यात स्वरमार्गाची गणिती प्रतिकृती आहे. नळीची लांबी, आकार, स्वरतंतूंचा ताण यांसारख्या राशी बदलल्या की नवा आवाज मिळतो. मात्र नुसत्या सूत्रातून निघालेला आवाज निर्जीव वाटतो. म्हणून वेअर यांनी स्पर्शपडद्यावर बोटे फिरवून, एखादे वाद्य वाजवावे तशा हुंकाराच्या, गुरगुरण्याच्या, किंकाळीच्या हालचाली नोंदवल्या. गळा सूत्राने दिला आणि भाव माणसाच्या बोटांनी.

एकच पाऊल दोनदा पडत नाही

सगळेच आवाज असे सूत्राने तयार करत नाहीत. पावलांचे आवाज बहुतेक खेळांत मुद्रितच असतात. पण तेथेही एक अडचण येते. गवतावरच्या पावलाचा एकच मुद्रित आवाज पुन्हा पुन्हा वाजवला, तर दहा-बारा पावलांतच कान ती लबाडी पकडतो. प्रत्यक्षात कोणतीही दोन पावले अगदी सारखी पडत नाहीत.

यावर युक्ती अशी की पाऊल तोडून साठवायचे. टाचेचे ५ आवाज आणि चवड्याचे ५ आवाज वेगळे ठेवले, तर त्यांच्या २५ जोड्या होतात. प्रत्येक जोडी चार किंचित वेगळ्या पट्ट्यांत वाजवली की १०० पावले मिळतात. मुद्रण केले दहाच आवाजांचे! दगड, वाळू, चिखल, पाणी यांच्यासाठी असेच संच ठेवले की खेळाडू जेथे पाऊल टाकेल तेथील संचातून संगणक एक जोडी उचलतो.

आवाजाचा प्रवास: अंतर

उगमानंतर प्रवास. उघड्या जागी ध्वनी सर्व दिशांना गोलाकार पसरतो. अंतर दुप्पट झाले की तीच ऊर्जा चौपट पृष्ठभागावर विखुरते, म्हणून तीव्रता चौथा हिस्सा होते. डेसिबेलच्या भाषेत ही घट ६ डेसिबेल असते. १० मी. अंतरावर एखाद्या धबधब्याची पातळी ८० डेसिबेल असेल, तर २० मीटरवर ७४, ४० मीटरवर ६८, ८० मीटरवर ६२. असे करत १,२८० मीटरवरही ३८ डेसिबेल उरतील. खेळाडू चालत असताना संगणक प्रत्येक क्षणी त्याचे धबधब्यापासूनचे अंतर मोजतो आणि आवाज त्या प्रमाणात कमी-अधिक करतो.

आवाजाचा प्रवास: दिशा

डोळ्यांना समोरचेच दिसते, पण कान पाठीमागचेही ऐकतो. त्यामुळे जंगलात श्वापद कोणत्या बाजूने येत आहे हे कळणे खेळाडूच्या दृष्टीने फार मोलाचे असते. ही दिशा कशी कळते? लॉर्ड रॅले यांनी १९०७ साली याचे दुहेरी स्पष्टीकरण दिले. डावीकडून येणारा आवाज डाव्या कानाला आधी आणि उजव्या कानाला किंचित उशिरा मिळतो. खर्जाच्या आवाजात मेंदू हा फरक ओळखतो. बारीक, उंच आवाजाच्या बाबतीत डोक्याची सावली पडते आणि पलीकडच्या कानाला तो क्षीण ऐकू येतो.

हा उशीर किती? डोक्याला वळसा घालण्यास सुमारे २१ सें.मी. जास्त अंतर लागते असे धरू. ०.२१ ला ३४० ने भागले की सेकंदाचा सुमारे ०.०००६ भाग मिळतो. संगणक आवाज संख्यांच्या रूपात ठेवतो. एका सेकंदाच्या आवाजासाठी तो पुष्कळदा ४८,००० संख्या वापरतो. म्हणजे उजव्या कानासाठीची संख्यांची रांग सुमारे ३० घरे मागे सरकवली आणि थोडी क्षीण केली की आवाज डावीकडून आल्यासारखा वाटतो. समोरचा की मागचा, वरचा की खालचा हे कळण्यास कानाच्या पाळीच्या घड्या मदत करतात. त्या घड्यांमुळे आवाजात होणारे बदल मोजून तेही सूत्रात घालता येतात. हेडफोन लावल्यावर ते विशेष जाणवतात.

आवाजाचा प्रवास: आडोसा

लग्नाची वरात गल्लीच्या वळणापलीकडे असते, तेव्हा ढोलाचा ‘धम्म’ आपल्याला आधी ऐकू येतो. सनई मात्र वरात वळणावर आल्यावरच स्पष्ट होते. याचे कारण विवर्तन. १०० हर्ट्झच्या ध्वनीची तरंगलांबी ३.४ मी. असते. घराच्या कोपऱ्याला असा तरंग सहज वळसा घालतो. ५,००० हर्ट्झच्या ध्वनीची तरंगलांबी ६.८ सें.मी. इतकी लहान असते. तो फारसा वळत नाही आणि कोपऱ्यामागे त्याची छाया पडते.

खेळात संगणक खेळाडूपासून आवाजाच्या उगमापर्यंत एक काल्पनिक सरळ रेषा काढतो. ती भिंतीला किंवा टेकडीला छेदत असेल, तर तो त्या आवाजातील उंच वारंवारता दाबून टाकतो. आवाज लगेच ‘पलीकडचा’ वाटू लागतो. प्रत्येक तरंगाचे विवर्तन सोडवत बसण्यापेक्षा हा उपाय फारच स्वस्त आहे, आणि बहुधा पुरेसा आहे.

आवाजाचा प्रवास: निनाद

१८९५ साली अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठात एक नवे व्याख्यानगृह असे घुमत होते की वक्त्याचे बोलणे कळेना. हा दोष दूर करण्याचे काम वॉलेस सॅबिन या तरुण अध्यापकाकडे आले. ऑर्गनची नळी, वेळ मोजण्याचे घड्याळ आणि स्वतःचे कान एवढ्या साधनांवर, जवळच्या नाट्यगृहातील आसनांच्या गाद्या रात्री आत-बाहेर नेत त्यांनी शेकडो मोजमापे घेतली. त्यांतून पुढील नियम मिळाला:

निनादकाल = ०.१६ × घनफळ ÷ एकूण शोषण

आवाज बंद झाल्यावर त्याची पातळी ६० डेसिबेलने खाली येण्यास लागणारा वेळ म्हणजे निनादकाल. घनफळ घनमीटरमध्ये घ्यायचे. प्रत्येक पृष्ठभागाचे चौरस मीटरमधील क्षेत्रफळ त्याच्या शोषणांकाने गुणून सर्वांची बेरीज केली की एकूण शोषण मिळते.

४० मी. लांब, २० मी. रुंद आणि १० मी. उंच अशी दगडी गुहा घेऊ. घनफळ ८,००० घनमीटर, सर्व पृष्ठभागांचे क्षेत्रफळ २,८०० चौ. मी. दगडाचा शोषणांक ०.०५ धरला, तर एकूण शोषण १४० आणि निनादकाल सुमारे ९ सेकंद! उघड्या माळावर भिंतीच नाहीत, म्हणून तेथे निनादही नाही. खेळाडू गुहेच्या तोंडातून आत शिरतो तसतसा संगणक निनाद वाढवत नेतो. चित्र क्षणभर काळे केले, तरी आपण आत आलो हे कानांना कळते.

घाई आणि निवड

हे सारे गणित करायला संगणकाला वेळ किती? पडद्यावरचे चित्र सेकंदाला ६० वेळा बदलत असेल, तर दोन चित्रांच्या मध्ये प्रत्येक कानासाठी ४८,००० ÷ ६० म्हणजे ८०० संख्या तयार व्हाव्या लागतात. त्याला उशीर झाला तर आवाज तुटतो आणि ‘कट्’ असा खटका ऐकू येतो.

जंगलात तर शेकडो किडे, पाने, पक्षी, झरे असतात. सर्वांचे अंतर, दिशा, आडोसा आणि निनाद काढणे जमत नाही. म्हणून निवड करावी लागते. येथे कानाचा एक गुणधर्म उपयोगी पडतो. टाळ-मृदंगाचा गजर चालू असताना घड्याळाची टिकटिक ऐकू येत नाही, कारण मोठा आवाज लहान आवाजाला झाकून टाकतो. जे आवाज तसेही झाकले जाणार आहेत त्यांचे गणित संगणक करत नाही. मात्र त्यांचा काळ तो मोजत राहतो. दूरच्या गावात कोणी गात असेल आणि खेळाडू ऐकू न येण्याइतका लांब जाऊन परत आला, तर गाणे मधल्या काळात पुढे गेलेले असते. जग आपल्यामागेही चालू आहे, असा विश्वास यातून निर्माण होतो.

नियम कोठे वाकवतात?

आता सर्वांत महत्त्वाचा मुद्दा. खेळातील ध्वनी हा भौतिकशास्त्राचा उपयोग आहे. तो भौतिकशास्त्राचा पुरावा नव्हे. तो तयार करणारे काही नियम हेतुपुरस्सर वाकवतात.

ध्वनीला ६८० मी. अंतर कापायला २ सेकंद लागतात. पण अनेक खेळांत दूरचा स्फोट दिसताक्षणीच ऐकू येतो, कारण उशिरा आलेला आवाज यंत्रातील बिघाड वाटण्याची भीती असते. वर पाहिलेल्या नियमाप्रमाणे धबधब्याचा आवाज अंतराने क्षीण होत जातो, पण ठरावीक ठिकाणी एकदम संपत नाही. खेळात मात्र एक मर्यादा ठरवून तिच्यापलीकडे तो शून्य करतात; नाहीतर संगणकाला साऱ्या जगाचे आवाज एकाच वेळी हिशेबात धरावे लागतील. निर्वात पोकळीतून ध्वनी जात नाही हे तुम्ही प्रयोगशाळेत घंटा आणि हंडीच्या प्रयोगात पाहिलेले असते. तरीही ‘नो मॅन्स स्काय’मध्ये अंतराळात शेजारून जाणाऱ्या यानाचा आवाज येतो, कारण पूर्ण शांतता खेळाडूला अपुरी वाटते.

खऱ्या परग्रहावरचा आवाज कसा असतो, हे आता आपल्याला प्रत्यक्ष माहीत आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये मंगळावर उतरलेल्या ‘पर्सिव्हिअरन्स’ या गाडीवर ध्वनिग्राहक होते. त्यांच्या मोजमापांवरून मंगळाच्या विरळ, थंड, कार्बन डायऑक्साइडच्या वातावरणात ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे २४० मी. असल्याचे दिसले. उंच वारंवारता तर तेथे थोड्याच अंतरात शोषल्या जातात. म्हणजे मंगळावर सारेच काही दबलेले, मंद ऐकू येते. करमणुकीसाठी असा ग्रह कोणी निवडणार नाही. पण निसर्ग खेळाडूच्या सोयीचा विचार करत नाही.

म्हणून खेळताना दोन प्रश्न वेगवेगळे ठेवावेत. हा आवाज मला पटला का? आणि हा आवाज मोजमापाला उतरतो का? पहिल्याचे उत्तर कान देतो. दुसऱ्याचे उत्तर घड्याळ, मोजपट्टी आणि सूत्र देतात. कुशल रचनाकाराला दोन्ही उत्तरे ठाऊक असतात, म्हणूनच कोणता नियम पाळायचा आणि कोणता वाकवायचा हे तो ठरवू शकतो. नियमच माहीत नसेल, तर तो वाकवताही येत नाही.

करून पाहा

१. एखाद्या खेळात वीज चमकते तेव्हा गडगडाट किती सेकंदांनी येतो ते मोजा. पावसाळ्यात खऱ्या विजेच्या बाबतीत तेच करा आणि वीज किती दूर होती ते काढा.

२. एका टोकाला बंद असलेल्या नळीच्या तोंडावरून फुंकर घालून आवाज काढा. निम्म्या लांबीची नळी घेतली तर स्वर किती चढतो?

३. १७ सें.मी. स्वरमार्गाचा पहिला अनुनाद मंगळावर किती हर्ट्झला येईल?

४. वरील गुहेच्या जमिनीवर ०.५ शोषणांकाचे जाड गवत पसरले, तर निनादकाल किती होईल?

उत्तरे: (२) वारंवारता जवळजवळ दुप्पट, म्हणजे एक सप्तक वर. (३) सुमारे ३५३ हर्ट्झ. (४) सुमारे २.६ सेकंद.